विचारल्याशिवाय नाही

दार सताड उघडं असलं तरी अक्का कडी वाजवल्याशिवाय आत यायच्या नाहीत. आतून "या" ऐकू येईपर्यंत उंबऱ्याबाहेर उभ्या, हातात अबोलीची परडी. चामराजपेटेत आमच्या गल्लीतली दारं दिवसभर उघडीच असत, त्यामुळे सगळे हसायचे. "अक्का, घरच्यासारख्या तुम्ही, कडी कसली वाजवता?" असं आई म्हणाली की उत्तर ठरलेलं. "विचारल्याशिवाय नाही गं बाई."

तुमच्याही ओळखीत असं एखादं माणूस असेल. ते नेहमी बरोबर असतं आणि त्याच्या बरोबर असण्याचा बाकीच्यांना थोडा ताप होतो.

अक्का विधवा, मूलबाळ नाही. शहराबाहेर तळ्याकाठी नवऱ्याच्या मागे राहिलेला जमिनीचा तुकडा होता. त्यात अबोली लावायची आणि फुलं बाजारात द्यायची, तेवढ्यावर त्यांचं चालायचं. एका वर्षी त्या सारा भरायला गेल्या, तर शानभोगानं पैसे घेतलेच नाहीत. शानभोग म्हणजे तुमच्याकडचा तलाठी. "अक्का, खातं आता तुमच्या नावावर नाही," तो म्हणाला. त्यांच्या दिराच्या मुलानं अर्ज केला होता, की जमीन आजोबांची, म्हणून माझी. आणि अमलदारांनी, म्हणजे तुमच्याकडच्या मामलेदारांनी, अक्कांचं नाव परस्पर रद्द करून पुतण्याचं लावलं होतं.

मी तेव्हा एका वकिलांकडे गुमास्ता होतो. दुसऱ्या दिवशी सकाळीच अक्का तिथं आल्या. ऑफिसच्या दाराला कडी नव्हती, तर त्यांनी परडीनं चौकट वाजवली.

"माझं नाव खोडलं," त्या म्हणाल्या. "मला विचारलं का?"

मला वाटलं होतं रडतील. त्या संतापल्या होत्या. वकील मात्र खूश झाले. म्हणाले, बाईंनी सगळा कायदा एका वाक्यात सांगितला. ज्याचं नाव खोडायचं त्याला आधी नोटीस द्यायची, त्याचं म्हणणं ऐकून घ्यायचं. आणि खरा मालक कोण हा वाद असेल तर तो दिवाणी कोर्टानं सोडवायचा, तो अधिकार अमलदाराला नाही.

वरच्या साहेबांकडे अपील झालं. तारखांवर तारखा पडल्या. अक्का फुलं बाजारात पोचवून तशाच कचेरीत यायच्या आणि बाकावर ताठ बसून राहायच्या. आईसुद्धा एकदा म्हणाली, "घरचाच मुलगा आहे, अर्धी देऊन मोकळ्या व्हा." अक्का म्हणाल्या, "मागितली असती तर दिलीही असती. त्यानं विचारलं का?"

शेवटी साहेबांनी तो हुकूम रद्द केला. अक्कांचं नाव पुन्हा लावा, आणि पुतण्याच्या अर्जावर दोघांचं ऐकून मगच काय ते ठरवा, असं अमलदारांना कळवलं.

आता खरी गंमत ऐका. सुनावणीच्या दिवशी पट्टेवाल्यानं पुतण्याचं नाव पुन्हा पुन्हा पुकारलं. तो आलाच नव्हता. अमलदार नवे होते, घाईतले. "अर्ज फेटाळतो," म्हणून त्यांनी टाक उचलला. वकिलांनी माझ्याकडे बघून मान डोलावली. तेवढ्यात अक्का उभ्या राहिल्या.

"स्वल्प थांबा, स्वामी. त्याला विचारलं का?"

"नोटीस घरी पोचली आहे."

"घराला कुलूप आहे. बायकोचं बाळंतपण, तो कोलारला सासुरवाडीत आहे. कागद शेजाऱ्यांनी घेतला असेल."

अमलदारांनी टाक खाली ठेवून पुढची तारीख दिली. वकिलांचं तोंड एरंडेल प्यायल्यासारखं झालं. बाहेर आल्यावर ते म्हणाले, "अहो अक्का, हातातोंडाशी आलेला घास!"

"असेल. पण मला न विचारता खोडलं ते चूक, तर त्याला न विचारता खोडलेलं बरोबर कसं?"

मला भीती वाटली, की ही बाई आपल्या हातानं जमीन घालवणार. त्या पोटाला काय खाणार, हेही मनात आलं.

पुढच्या तारखेला पुतण्या आला. त्याचं सगळं ऐकून अमलदार म्हणाले, "मालकी ठरवायला मी कोर्ट नाही. खातं आहे त्या नावावर राहील. तुम्ही हवं तर दिवाणीत दावा लावा." खाली मान घालून तो बाहेर पडला, तर पायरीवर अक्का.

"मुलगा की मुलगी?"

"मुलगी," तो कसाबसा म्हणाला.

"सरी, छान झालं," अक्का म्हणाल्या, आणि परडीतली उरलेली फुलं त्याच्या रुमालात ओतली. त्यानं दावा कधीच लावला नाही.

अक्का गेल्या त्या सकाळी मी सायकल काढून तळ्याकडे निघालो. नवरा गेल्यापासून त्यांनी स्वतः अबोली कधी माळली नव्हती. निदान आज त्यांच्या अंगावर असावी असं मला फार वाटत होतं.

कुंपणाशी पुतण्या रिकामी परडी घेऊन उभा होता. फाटक उघडंच होतं. जमीन आता त्याचीच व्हायची होती, कोणी आडवं येणार नव्हतं.

"आत का नाही गेलास?" मी म्हटलं.

"विचारायचं कुणाला?"

थोड्या वेळानं त्यानं हात पुढे केला आणि उघड्या फाटकाची कडी वाजवली. आम्ही दोघं बाहेरच थांबलो.