नलिनीताईंचा हशा

नाटक दीड तासाचं असतं आणि तालीम चार महिन्यांची. या दोहोंमधला फरक किश्शांच्या रूपाने मागे उरतो. अमेरिकेत मॉरिसव्हिलच्या आमच्या हौशी मराठी नाटकमंडळीत तो बराच साठला आहे, आणि त्यातला निम्मा एकट्या नलिनीताईंचा आहे.

*

लेकीकडे कायमच्या राहायला आल्यावर त्या प्रथम तालमीला आल्या, तेव्हा त्यांचं वय अठ्ठ्याहत्तर होतं. दिग्दर्शक या नात्याने मी अनुभव विचारला.

"लंडनला बावीस वर्षं. टीव्हीवरच्या इंग्रजी विनोदी मालिका."

"भूमिका कोणत्या?"

"नर्स, दुकानदारीण, शेजारीण. नायक विनोद करायचा, मी चहाचा ट्रे ठेवायचे."

मी वहीत 'दुय्यम भूमिका' असं लिहिलं. त्यांनी ते समोरून, उलटं वाचलं. "दुय्यम नको, केशवराव. सोबतीच्या म्हणा."

शब्दांच्या बाबतीत मला सहसा कोणी दुरुस्त करत नाही. मी खोडलं आणि तसं लिहिलं.

*

लंडनच्या एका निर्मात्याने त्यांना सांगितलं होतं, की तुमचं इंग्रजी फार शुद्ध आहे, जरा भारतीय हेल काढा. यांनी विचारलं, "भारतात कुठला?" ते त्याला ठाऊक नव्हतं. मग नलिनीताईंनी मिरजेच्या आपल्या घरमालकीणबाईंचा हेल इंग्रजीत उतरवला. निर्माता खूश.

"बाईंना इंग्रजीचा एक शब्द येत नव्हता," त्या मला म्हणाल्या, "पण तीन वर्षं त्या लंडनच्या टीव्हीवर होत्या."

*

त्यांच्या नातीने कुठून तरी त्यांच्या मालिकेचा एक जुना तुकडा शोधून काढला आणि आम्हा सगळ्यांसमोर फोनवर लावला. तो संपल्यावर ती म्हणाली, "आजी, यू आर जस्ट स्टँडिंग देअर."

"हो," नलिनीताई म्हणाल्या, "पण किती नीट उभी आहे बघ."

*

आमचा नायक महेश नागपूरचा, सॉफ्टवेअरमधला. निम्म्या तालमी आम्ही झूमवर करतो आणि बोलणारा सोडून सगळे म्यूटवर असतात. त्यामुळे तालमीत हशा त्याने कधी ऐकलाच नव्हता. वाक्यामागून वाक्य तो नुसता पळवत असे.

"हशा विरू दे, मग बोल," नलिनीताई त्याला म्हणाल्या.

"पण मावशी, लोक हसतीलच याची गॅरंटी काय?"

"नाही हसले तर मुळीच थांबू नकोस. हशाची वाट बघणारा नट फार केविलवाणा दिसतो."

*

एकदा त्यांना गाडीतून घरी सोडत होतो.

"बावीस वर्षांत माझ्या वाक्याला एकदाच हशा आला," त्या म्हणाल्या. "समोर प्रेक्षक बसवून चित्रीकरण व्हायचं, त्यामुळे मी तो कानांनी ऐकला. पुढे भाग लांबला म्हणून नेमका तेवढाच कापला. एक हशा माझा हवा होता, केशवराव."

पुढच्या महिन्यात त्यांच्या दोन्ही गुडघ्यांची शस्त्रक्रिया ठरली होती. हे बहुधा शेवटचंच नाटक, हे आम्हा दोघांनाही कळत होतं.

नाटक मीच लिहिलेलं होतं. वाटी परत करायला आलेल्या शेजारणीच्या, म्हणजे नलिनीताईंच्या, तोंडी मी एक वाक्य घातलं. नायक म्हणतो, "मी या घरात आवाज चढवून कधी बोललेलो नाही." त्यावर शेजारीण म्हणते, "आमच्या भिंतीला विचारा." एवढे तीन शब्द मी अकरा वेळा लिहिले.

*

प्रयोगाला शाळेचं सभागृह भरलं होतं. नलिनीताई वाटी घेऊन आल्या, आणि महेश नेमका तिथेच अडला. मी विंगेतून वाक्य पुरवलं, दोनदा पुरवलं. त्याच्यापर्यंत काही पोचेना.

तेव्हा त्या शांतपणे म्हणाल्या, "तुम्ही काही आवाज चढवून बोलणाऱ्यांतले नाही हो."

महेशला धागा सापडला. घाबरलेल्या माणसाच्या हाती एकदम दोन वाक्यं लागली, आणि तो ओरडला, "मी या घरात आवाज चढवून कधी बोललेलो नाही! भिंतीला विचारा!"

सभागृह फुटलं. विंगेत मी डोळे मिटून घेतले. त्यांच्यापाशी आता वाक्यच उरलं नव्हतं.

हशा ओसरेपर्यंत त्या थांबल्या. मग मान वळवून त्यांनी बाजूच्या भिंतीकडे पाहिलं, वाटी पदराखाली घेतली आणि काही न बोलता निघून गेल्या. लोक पुन्हा हसले, पहिल्यापेक्षा कितीतरी जास्त वेळ.

पडदा पडल्यावर महेश रडवेला होऊन त्यांच्यासमोर उभा राहिला. "मावशी, सॉरी. तुमचा हशा मी घेतला."

त्या केसांतल्या पिना काढत होत्या.

"हशे दोन झाले, महेश," त्या म्हणाल्या. "पहिला तुझा."