जाळीवरचा फ्लेक्स

चाकणच्या एका कंपनीत मी इंजिनं तपासते. असेंब्लीवरून आलेलं इंजिन टेस्ट बेंचवर चढतं, सुरू होतं, आणि पडद्यावरच्या आकड्यांत काही वावगं दिसलं की मी ते बाजूला काढायला लावते. 'तुला काय कळतंय' असं तिथे मला कुणी म्हणत नाही. मी ओके देईपर्यंत ते इंजिन जागचं हलत नाही. ही फुशारकी नाही. घरी काय झालं ते नीट कळावं म्हणून सांगतेय.

गाडी माझी होती. माझ्या पगारातून घेतलेली, आणि घेतली ती शिफ्टसाठी. कुरुळीतल्या आमच्या घरून कंपनीत जायचं म्हणजे पूर्वी नवऱ्याच्या सवडीनं जायचं. त्याची शिफ्ट बदलली की माझे हाल. गाडी आली आणि हे सगळं संपलं. ते सुख काय असतं, हे रोज दुसऱ्याच्या मागे बसून कामाला जाणाऱ्या बाईलाच विचारावं.

एकदा इंजिनचा पिवळा दिवा लागला. गॅरेजवाल्यानं माझ्याकडे ढुंकूनही न बघता नवऱ्याला सांगितलं, इंजिन खोलावं लागेल. माझं डोकंच फिरलं. मी ऑनलाइन आगपेटीएवढं एक यंत्र मागवलं, स्टिअरिंगखालच्या सॉकेटमध्ये खोचलं आणि मोबाईलवर त्याचं ॲप टाकलं. ॲप म्हणालं, एक सेन्सर गेलाय. सेन्सर बदलला, दिवा विझला. तेव्हापासून ते यंत्र तिथेच राहिलं. माझ्या गाडीला इंजिनचा ताप दाखवणारा काटा नव्हता. पार तापल्यावर लागणारा नुसता लाल दिवा होता. ॲपवर मात्र तापमान अंशाअंशानं दिसायचं.

सासरी याची थट्टाच व्हायची. धाकटे दीर विचारायचे, "वहिनी, यातनं पिकअप वाढतंय का? जरा ट्यूनिंग मारा की." मी सांगायची, "भाऊजी, हे फक्त वाचतं. इंजिनात काही बदलत नाही. थर्मामीटर लावला म्हणून कुणाला ताप येतो का?" त्यावर सासरे म्हणायचे, "उद्या म्हशीला बी मोबाईल लावशील तू." सगळे हसायचे. मीही हसून घ्यायची.

दिरांना येत्या निवडणुकीचं तिकीट हवं होतं. त्यातच तिकीट वाटणाऱ्या साहेबांचा वाढदिवस आला. आमच्या पट्ट्यात वाढदिवस म्हणजे गाड्यांची रॅली, आणि रॅली म्हणजे प्रत्येक गाडीच्या तोंडावर साहेबांचा फ्लेक्स. दिरांची मोठी गाडी साहेबांच्या माणसांना दिलेली, म्हणून घरच्यांसाठी माझी काढायचं ठरलं. मला कुणी विचारलं नाही. अंगणात येऊन बघते तर बंपरपासून बॉनेटपर्यंत फ्लेक्स ताणून बांधलेला, हवा आत जायची जाळी पूर्ण झाकलेली. वर साहेब हात जोडून, खाली कोपऱ्यात दीर गॉगल लावून.

"भाऊजी, जाळी झाकलीत. रेडिएटरला हवा लागते. टपावर बांधा."

"टपावर कोण बघतंय वहिनी? साहेब समोरनं दिसाय पाहिजेत."

"मग मधे चार भोकं तरी पाडू."

"साहेबांच्या तोंडाला भोकं?" दिरांचा चेहरा असा झाला की मी जणू साहेबांच्या घरावरच दगड मारलाय. सासरे म्हणाले, "चांगल्या दिवशी वंगाळ बोलू नगं, पोरी."

नवरा तिथेच होता. तो ज्या कंपनीत सुपरवायझर आहे, तिथे रेडिएटरच बनतात. मी त्याच्याकडे बघितलं. तो खाली बसून सुतळीच्या गाठी आवळत होता.

निघालो. नवरा चालवायला, शेजारी खिडकीतून हात हलवणारे दीर, मागे सासरे आणि मी. एसी फुल, आणि गाड्या हायवेवर चालत्या माणसाच्या वेगानं. मोबाईल मांडीवर घेऊन मी आकडा चढताना बघत होते. शंभर झालं तेव्हा म्हटलं, एसी तरी बंद करा. दीर म्हणाले, या उन्हात? एकशे बारा झालं तेव्हा मी मोबाईल थेट नवऱ्याच्या डोळ्यांसमोर धरला. "अहो, बाजूला घ्या. फ्लेक्स सोडा आणि इंजिन बंद करा."

त्यानं आकडा बघितला. चांगला बघितला. मग भावाकडे बघितलं. भाऊ म्हणाला, "मधनंच बाहेर पडलो तर साहेबांची माणसं काय म्हणतील? रांग तोडायची न्हाई."

"मग हीटर लावा फुल. इंजिनची थोडी गरमी तरी आत ओढली जाईल."

भर उन्हात हीटर! दीर तर हसून हसून पुढे वाकले, सासऱ्यांना ठसका लागला. आणि नवराही हसला. दिरांचं, सासऱ्यांचं हसणं मी विसरूनही जाईन. पण हा माणूस पोटापाण्याला रेडिएटर बनवतो, याला हसू कसं आलं? माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली, पण मागच्या सीटवर बसलेल्या बाईच्या रागानं गाडी थोडीच थांबते.

चाकणच्या चौकाअलीकडे लाल दिवा लागला आणि बॉनेटमधून भसाभसा वाफ आली. गाडी बंद पडली. मागच्या गाड्यांचे हॉर्न सुरू झाले, रॅलीतली पोरं धावत आली. त्यांनी आधी काय केलं असेल? फ्लेक्स सोडवला. चेहऱ्यावर घडी पडू नये म्हणून दोघांनी तो जपून गुंडाळला आणि पुढच्या गाडीवर चढवला. साहेब सुखरूप पुढे गेले. मग बॉनेट उघडलं गेलं, आणि मी नको नको ओरडत असताना कुणीतरी थंड पाण्याच्या बाटल्या त्या तापलेल्या इंजिनवर उपड्या केल्या.

दुसऱ्या दिवशी सासरे, नवरा आणि मी गॅरेजवर गेलो. मेकॅनिकनं सांगितलं, हेडला तडा गेलाय, आता इंजिन खरंच खोलावं लागणार, गाडी कधी मिळेल सांगता येत नाही. मग विचारलं, "एवढी तापली कशानं?"

मी तोंड उघडायच्या आत सासरे बोलले, "ही ते मोबाईलचं मशीन लावती ना, त्यानं बिघाडली."

मेकॅनिकनं नवऱ्याकडे बघितलं. मीही बघितलं. मला खरंच वाटलं होतं, इथे तरी बोलेल. नवरा म्हणाला, "हो, ते ॲप लावलेलं होतं. त्यानंच काहीतरी सेटिंग हललं असेल."

"मॅडम, असल्या वस्तू गाडीला लावत जाऊ नका," मेकॅनिक समजुतीनं म्हणाला. त्यानं ते यंत्र उपटलं आणि नवऱ्याच्या हातात दिलं.

सासरे तिथेच कुणाशी तरी बोलत थांबले. आम्ही दोघं बाईकवरून घरी निघालो. गल्ली ओलांडल्यावर नवरा मान थोडी मागे वळवून म्हणाला, "फ्लेक्समुळेच झालं गं. मला काय कळत नाही का? पण वडिलांसमोर धाकट्याचं नाव कसं घेणार? भाऊ आहे माझा."

"माझं चुकलं, हे मात्र सगळ्यांसमोर बोलता आलं तुला," मी म्हणाले.

"काय? हेल्मेटमध्ये ऐकू येत नाही."

मी पुन्हा बोलले नाही. एखादं वाक्य दोनदा बोलायची लाज वाटावी, तशी वाटली. पण दुसऱ्या दिवशी माझी फर्स्ट शिफ्ट होती. घराच्या वळणावर मी नेहमीच्याच आवाजात विचारलं, "उद्या सकाळी सोडशील?"

"सोडतो की," तो लगेच म्हणाला.