बोर्डाच्या पाठीवरचं नाव

ताराचंद ढोक्यांच्या पोटात दुखायला लागलं, ते मोनालीनं नव्या प्रोबचं ड्रॉइंग काढलं त्या दिवसापासून. सावंगीच्या रस्त्यावर अण्णाजींचा शेतीपंपांचे कंट्रोलर बनवायचा कारखाना. कंट्रोलरमधली चिप कुठे अडली ते बघायला डीबग प्रोब लागतो; त्याचं एक टोक कॉम्प्युटरच्या यूएसबीत, दुसरं चिपच्या पायांना. तो प्रोब नऊ वर्षांपूर्वी ताराचंदांनीच हातानं जोडून साबणाच्या डबीत बसवलेला. सगळे त्याला 'ताराचंदची डबी' म्हणत, आणि हा माणूस त्या नावावरच ताठ चालायचा.

मग समुद्रपूरची ही डिप्लोमावाली पोरगी आली. तिचा प्रोब अंगठ्याएवढा. अण्णाजी म्हणाले, "पंचवीस बनवून घेऊ. डबी आता कपाटात ठेवा." ताराचंदांच्या अंगाचा तिळपापड झाला.

"सर, ड्रॉइंग बोर्ड बनवाले पाठवायच्या आधी तुमी एकदा पाहून द्या नं जी," मोनाली म्हणाली.

त्यांनी पाहिलं. चूक सापडायला मिनिटही लागलं नाही. यूएसबीच्या डेटाच्या दोन रेषा उलट्या जोडल्या होत्या. असा बोर्ड कॉम्प्युटर ओळखणारच नाही. सांगायचं तर एक वाक्य. ते त्यांनी चहाबरोबर गिळलं.

"बरोबर आहे," म्हणाले. खोटं कशाला सांगू, त्यांना फार बरं वाटलं.

पंधरा दिवसांनी बोर्ड आले. मोनालीनं एक लावला, दुसरा लावला, पाचवा लावला. कॉम्प्युटर ढिम्म. पोरीचा चेहरा उतरला. तिच्या हातातला बोर्ड उलटा झाला, तर मागे पांढऱ्या अक्षरांत छापलेलं: 'रचना: मोनाली. तपासणी: ताराचंद सर.'

पंचवीसच्या पंचवीस मेलेल्या बोर्डांवर आपलं नाव!

"डेटाच्या दोन रेषा उलट्या झाल्या आहेत," ते घाईघाईनं म्हणाले. "रेषा कापून तारांनी अदलाबदल करून जोडू. चालून जाईल."

मोनालीनं त्यांच्याकडे पाहिलं. "सर, मीटर तर तुमी अजून लावलंच नाई. तुमाले कसं समजलं?"

ताराचंद खण उघडून तार शोधू लागले. मोनालीनं बोर्ड खोक्यात टाकला आणि ड्रॉइंग पुन्हा उघडलं.

पुढच्या महिन्यात दुरुस्त बोर्ड आले. सगळे पहिल्या झटक्यात चालले. ताराचंदांनी एकेक उलटून पाहिला. 'रचना: मोनाली.' खाली एका ओळीची जागा रिकामी.

घरी निघताना त्यांनी जुन्या बोर्डांतला एक गुपचूप खिशात टाकला. तो चालत नव्हता, पण त्यावर नाव होतं.