मिरवणुकीनंतरचे काका

आजाराबद्दल लिहायचा मला काय अधिकार? मी डॉक्टर नाही. आमच्या घरातून कॉलेजात गेलेला पहिला, एवढंच. चुकलं तर माफ करा. पण आज लिहिल्यावाचून राहवत नाही!

अंबाजोगाईच्या दवाखान्यात डॉक्टरबाई म्हणाल्या, "पोस्ट-ट्रॉमॅटिक स्ट्रेस डिसऑर्डर." म्हणजे जिवावरचा प्रसंग संपतो, पण मन तिथेच अडकून राहतं. सोबत पॅरानोइया, म्हणजे सगळे आपल्यावर टपलेत असा पक्का संशय. माझे काका भिंतीला पाठ लावून उभ्यानंच ऐकत होते. खुर्चीच्या मागून लोक ये-जा करत होते ना!

काका सीमेवर लढलेले. निवृत्त झाले तेव्हा गावानं रिवाजाप्रमाणे उघड्या जीपमधून मिरवणूक काढली. वेशीत फटाक्यांची माळ पेटली आणि काका गळ्यातल्या हारासकट जीपखाली!

"फौजी हाय का कोन बे? फटाक्याला भेतंय!" कुणीतरी ओरडलं. लोक हसले.

मग ते गच्चीवर पहारा देऊ लागले. आजीनं आधी घास खाल्ल्याशिवाय जेवेनात. नजर लागली म्हणून तिनं मिरच्या ओवाळून जाळल्या. त्या धुरानं ते आणखीच बिथरले. एकदा काकूंवर धावून गेले, "कुनाला सांगितलंस मी इथं हाय ते?" काकू घाबरून लेकीला, छोट्या परीला, घेऊन दिंद्रुडला माहेरी गेल्या.

"ते भित्रे नाहीत," दवाखान्यात डॉक्टरबाई आम्हाला म्हणाल्या. "ज्या सावधपणानं तिथं जीव वाचवला, तो इथं बंद होत नाहीये."

काकांनी एकच विचारलं, "म्याडम, लेकराला भेटता येईल का?"

"येईल. बरं वाटू लागलं की तुम्हीच जायचं."

गोळ्या सुरू झाल्या. मग एक्स्पोजर थेरपी, म्हणजे भीतीला थोडं थोडं सामोरं जाणं. आधी केजचा बाजार, माझा हात धरून. मग वडाप, म्हणजे माणसं कोंबून नेणारी भाड्याची जीप. वाटेत टायर फुटला, काका उडी मारून शेतात पळाले. पुन्हा काही आठवडे घरातच. मग परत बाजारापासून सुरुवात, हळूहळू माझा हात न धरता.

तुमच्या घरी असं कुणी असेल तर हसू नका. आधी दवाखाना गाठा. आमच्या डॉक्टरबाईंचे उपकार फिटणार नाहीत.

आज बीडला होस्टेलवर काकूंचा फोन आला. रडत होत्या का हसत, कळेना.

"आरं, तुझे काका हितं दिंद्रुडला आलेत! एकटेच, एसटीनं! परी मांडीवरून उतरंना. आमी उद्या संगंच घरी येतोय!"