राजूरच्या खाणीतला माझा बिल्ला

वणीहून राजूरला जाणारी मोटार माणसांपेक्षा धूळच जास्त वाहते. उतरलो तेव्हा माझं पुणेरी धोतर ओळखू येत नव्हतं. समोर कोळशाचे ढीग आणि त्यांच्यामागे चक्क निळंशार तळं!

“जुनी खान हाय थे,” न्यायला आलेले गोविंदराव म्हणाले. “कोळसा सरला, पानी भरलं.” ते खाणीतले सरदार (मजुरांच्या टोळीचे प्रमुख). पुण्याचे एक शाळामास्तर खाण पाहायला येणार, एवढंच त्यांना कळवलेलं होतं, म्हणून ते मला ‘गुरुजी’च म्हणत.

त्याच दिवशी त्यांच्या मुलीचं लग्न होतं. नागपूरच्या दीक्षेनंतर वस्तीतलं बौद्ध पद्धतीचं पहिलंच. मुहूर्ताची भानगड नव्हती, पण विधी सांगणाऱ्या भिक्खूंना वणीची शेवटची मोटार गाठायची होती. तरी गोविंदरावांनी कामाची पाळी चुकवली नाही, वर मला खाणही दाखवली.

खाली उतरताना प्रत्येकाला पितळी बिल्ला मिळतो. वर आल्यावर तो फळीवर टांगायचा. ज्याचा खिळा रिकामा, तो खाली अडकला असं धरतात. हे मला दोनदा बजावलं, मी दोनदा मान हलवली. खाली तासभर छतावर डोकं आपटून घेतलं, कंटाळून एकटाच वर आलो आणि बिल्ला खिशात घालून थेट तळ्याकाठी गेलो. तिथे एका बाईंनी भाकर-झुणक्याबरोबर असा ठेचा वाढला, की अख्खं तळं प्यावंसं वाटलं. मग झाडाखाली ताणून दिली.

भोंग्याने जाग आली. खाणीच्या तोंडाशी ही गर्दी!

“काय झालं हो?” मी एका म्हातारीला विचारलं.

“पुन्याचा पाहुना खाली राह्यला. सरदार त्याले पाहाले गेले. तिकडं नवरदेव मांडवात बसून हाय!”

माझा हात खिशाकडे गेला.

“आजी, तो पाहुणा मीच. झाडाखाली झोप लागली.”

“अवं माय! अन् तू इथं झोपून राह्यला होता?”

माणसं धावत खाली गेली. गोविंदराव वर आले तेव्हा ऊन कलंडलं होतं आणि मोटार हॉर्न वाजवत होती. मी खालमानेनंच विचारलं,

“तुम्ही कशाला गेलात? पोरीचं लग्न खोळंबलं ना!”

“मानूस खाली असताना मांडवात कसा बसू, गुरुजी?”

तोंड धुवायलाही वेळ नव्हता. तसेच काळेकुट्ट ते मांडवात उभे राहिले. ड्रायव्हरसुद्धा हॉर्न सोडून लग्नाला आला आणि बुंदी दोनदा मागून घेतली.

पुण्यात मी दिवसभर दिसलो नाही, तर शेजारी फार तर माझं वर्तमानपत्र वाचून घेतात. राजूरला मात्र मुलीला मांडवात सोडून एक बाप अंधारात मला हाका मारत फिरत होता. आणि त्याला माझं नाव माहीत नव्हतं, म्हणून तो नुसताच “गुरुजी, गुरुजी” म्हणत होता.