गिरणीवरचा बेलीफ

आमच्या गिरणीवर मिरची दळायला आली, की त्या ठसक्याबरोबर मला बेलीफ आठवतो. बँकेच्या थकलेल्या कर्जापायी तो गिरणी जप्त करायला आला होता. थोरला भाऊ हप्ते बांधून मागायला बुलढाण्याच्या कोर्टात गेला होता.

"लोकाइचं दयन टाकेल हाये, साहेब. ते मधात थांबवत नाही," आई म्हणाली.

मग शेजारणी एकामागून एक मिरचीचे डबे आणत राहिल्या. बेलीफ शिंकून बेजार झाला. "माय, कितीक मिरची खाता वं तुमी?"

संध्याकाळी भाऊ आदेश घेऊन आला. हप्ते मंजूर झाले होते, जप्ती थांबली होती. बेलीफाने डोळे पुसत तो वाचला आणि निघून गेला.

त्याला बनवल्याच्या आनंदात आम्ही आठवडाभर हसत होतो. आज तो उभा होता तिथेच उभा असताना दिसतं, की गिरणी बंद करायचं बटण दुपारभर त्याच्या खांद्यापाशी होतं.