शामियान्याचे खांब

खेळ राष्ट्राचं चारित्र्य घडवतो. बडनेरा स्टेशनावर आमच्या व्यायामशाळेच्या सरांनी माझ्या खांद्यावर हात ठेवून हे वाक्य उच्चारलं, तेव्हा मला खरोखर भरून आलं. मग गाडी लागली आणि सर पुढच्या डब्याकडे धावले. त्यांचे जावई त्याच गाडीने निघाले होते. मी फक्त वाटेत भेटलो होतो.

बाबा मात्र माझ्यासाठीच आले होते, आणि रागावलेले होते. "खेळ शिकवायले लखनौले जातो? अमरावतीचे पोट्टे काय लंगडे झाले?" गाडी हलेपर्यंत त्यांनी हेच तीनदा विचारलं.

दादा, तू अजून पत्रात विचारतोस की इतकी वर्षं असिस्टंट कोचच कसा राहिलास. जबलपूर-भोपाळला गेलेली आपली मंडळीही विचारतात. तर ऐका. लखनौच्या या कॉलेजात हेड कोच व्हायला बास्केटबॉल यावा लागत नाही. माझे पहिले हेड कोच मिश्राजी हे मॅनेजिंग कमिटीच्या सेक्रेटरींचे मेहुणे. त्यांनी हा खेळ पाहिला होता, पण लांबून. टीम जिंकली की फोटोत ते मधोमध, हरली की "तायडे साहब, डिफेन्स पर काम कीजिए." पहाटे धुक्यात मुलांना पळवणं माझ्याकडे, हार घालून घेणं त्यांच्याकडे. हेही मी सोसलं असतं. जे सोसवलं नाही ते खड्डे.

आमचं बास्केटबॉल कोर्ट सिमेंटचं होतं, आणि कॉलेजात तेवढीच एक सपाट जागा. त्यामुळे प्रत्येक सत्कार, उद्घाटन, मुशायरा तिथेच. समारंभ म्हटला की शामियाना आला, शामियाना म्हटला की खांब आले, आणि खांबांसाठी सिमेंट फोडून खड्डे. समारंभ संपला की त्यांत माती लोटायची. पुन्हा सिमेंट कशाला, पुढच्या महिन्यात परत फोडायचंच आहे! पहिल्या वर्षी मी प्रिन्सिपलसाहेबांकडे गेलो. त्यांनी चहा मागवला, नागपूरच्या संत्र्यांची चौकशी केली (मी अमरावतीचा, हे मी सांगितलं नाही), आणि म्हणाले, "आप तो बुरा मान गए। गड्ढे ही तो हैं, भर जाएँगे।"

लखनौत नकारसुद्धा इतक्या अदबीने मिळतो की बाहेर आल्यावर आपणच आभार मानलेले असतात. अमरावतीत निदान भांडण तरी झालं असतं.

निशातगंजच्या आमच्या दोन खोल्यांत सुमन मराठीत बोलायची आणि मुलगा हिंदीत उत्तर द्यायचा. एका रविवारी तो कॉलेजकडून पळत आला. "बाबा, वो लोग फिर खोद रहे हैं!"

तो आठवडा रिझवानचा होता. रिझवान आमचा कॅप्टन. वडील नाहीत, काकांच्या घरी वाढलेला, चेंडू हातात आला की समोरच्याला वाट विचारायला लावणारा. पुढच्या रविवारी राज्य संघाची निवड होती. संघात आला असता तर खेळाडूंच्या कोट्यातून रेल्वेत नोकरी पक्की होती. आणि कॉलेजात कुणी मंत्री येणार होते, युवाशक्तीवर बोलायला.

मी जाऊन कोर्टाच्या मधोमध उभा राहिलो. पहार घेतलेला मजूर म्हणाला, "साहब, हम तो जहाँ कहेंगे वहीं गाड़ देंगे। आप ज़रा उधर खड़े हो जाइए।" मिश्राजी धावत आले. "तायडे साहब, आप बाहर के हैं, आपको यहाँ का क़ायदा नहीं मालूम।" मला इथे येऊन तेव्हा दहा वर्षं होत आली होती. शेवटी दोन प्राध्यापकांनी माझे दंड अत्यंत आदराने धरले आणि मला बाजूला नेलं.

युवाशक्तीवर भाषण झालं. टाळ्या झाल्या. खड्ड्यांत माती लोटली गेली, आणि दुसऱ्या दिवशी सरावात उडी मारून उतरताना रिझवानचा पाय तिच्यात रुतला. घोट्याचं हाड मोडल्याचा आवाज मी ऐकला. निवड त्याच्याविना झाली. कमिटीने दुःख व्यक्त केलं, मिश्राजींनी ते वाचून दाखवलं, आणि मला बाबांचा प्रश्न आठवला. पोरं लंगडी कुठे होतात, ते आता मला माहीत होतं.

रिझवान काकांच्या टेंट हाउसमध्ये लागला.

गेल्या उन्हाळ्यात कॉलेजने माझा सत्कार केला, दीर्घ सेवेबद्दल. हेड कोच तोवर तिसरे आले होते, तेही कुणाचे तरी कोणी. समारंभ कुठे असणार? कोर्टावर. आदल्या दिवशी टेंटवाल्यांचा टेंपो आला आणि त्यातून किंचित लंगडत रिझवान उतरला. प्रिन्सिपलसाहेबांनी हाताने मधली जागा दाखवली. तो "जी, बिल्कुल" म्हणाला, माझ्याकडे आला आणि कोर्टाकडे बघत विचारलं, "सर, खंभे कहाँ गाड़ें?"

इतक्या वर्षांत हा प्रश्न मला कुणी विचारला नव्हता. मी म्हणालो, "लाइन के बाहर।"

दादा, तू लिहितोस, आता घरी ये. येईन. पण घर कशाला म्हणायचं याचा मी हल्ली फार विचार करत नाही. अमरावतीत माझी खुशाली विचारतात. इथे एका माणसाने एकदा, खांब कुठे रोवू, ते विचारलं. माझ्यापुरता प्रश्न मिटला.

दुसऱ्या दिवशी, सत्काराच्या वेळी, कोर्टात एकही खड्डा नव्हता. मधे खांब नसल्यामुळे कापड कडेकडेलाच लागलं, आणि प्रमुख पाहुणे पूर्ण वेळ उन्हात बसले.